संत पौलांच्या जिभा



जहाज फुटून संत पौल माल्टा बेटावर पोचले, शेकोटीत काटक्या टाकताना त्यांच्या हाताला साप डसला, त्यांनी तो आगीत झटकून टाकला आणि त्यांना काहीच झाले नाही. प्रेषितांच्या कृत्यांत एवढेच आहे. पुढची भर लोकांनी घातली. पौलांच्या शब्दाने बेटावरचे साप निर्विष झाले आणि त्यांच्या जिभा दगड होऊन राहिल्या, अशी समजूत रूढ झाली. तिथल्या खडकात चकचकीत, त्रिकोणी दगड खरोखरच सापडतात, काही तर तळहाताएवढे. विषावर उतारा म्हणून लोक ते गळ्यात बांधत, द्राक्षारसात बुडवून तो रस पीत.

१६६६ साली इटलीत लिव्होर्नोजवळ एक अजस्र शार्क (आपल्या मुशीचा थोरला भाऊ!) सापडला. त्याचे डोके फ्लॉरेन्सला निकोलस स्टेनो या डॅनिश वैद्याने चिरले. तोंडात त्याच ‘जिभा’! ते शार्कचे दात होते आणि ज्या खडकात ते सापडत, तो कधीकाळी समुद्राचा गाळ होता. आज आपल्याला ठाऊक आहे की माल्टाची ती पिवळसर चुनखडी सुमारे २ कोटी वर्षांपूर्वी, सूक्ष्म जीवांची कवचे तळाशी साचून तयार झाली.

स्टेनो १६६७ साली कॅथलिक झाले, १६७५ साली धर्मगुरू, १६७७ साली बिशप. १९८८ साली पोप जॉन पॉल दुसरे यांनी त्यांना धन्यवादित घोषित केले.

आम्हाला छळतो तो प्रश्न वेगळाच. त्या काळी माल्टात आम्ही धर्मगुरू असतो आणि एखादी आई लेकराच्या गळ्यात तो दात बांधून आली असती, तर आम्ही काय केले असते? भोळ्या श्रद्धेला कशाला धक्का लावा, असे म्हणून गप्प बसलो असतो? अशी गप्प बसण्याची वेळ आमच्यावरही आली आहे आणि आम्ही त्याला दया म्हटले आहे. पण लेकराला खरोखर विषबाधा झाली, तर आई दगडावर विसंबून राहणार. शिवाय तिला सत्य पेलणार नाही, हे ठरवणारे आम्ही कोण? तिच्या पौलांना त्या दगडांची गरजच नव्हती. मात्र तिच्यावर हसत सांगितले असते, तर तिने ऐकले नसते आणि तो दोष आमचा असता.

व्हॅलेटातील संत जॉनचे कॅथेड्रल त्याच चुनखडीचे आहे. लोक तिथे समुद्राच्या जुन्या गाळाच्या भिंतींमध्ये गुडघे टेकतात.