तिला काय कमी आहे?

घर आहे, खायला-ल्यायला आहे, मग बाई अशी गप्प का, हा प्रश्न अमरावती-अकोल्याच्या घरांत आजही विचारला जातो. याच वऱ्हाडात, बुलडाण्यात, ताराबाई शिंदे यांनी १८८२ साली ‘स्त्रीपुरुषतुलना’ लिहिलं आणि बाईच्या माथी मारलेले दोष पुरुषांत नाहीत का, असं रोखठोक विचारलं. पुस्तकावर टीका झाली, ते विस्मरणात गेलं, आणि १९७५ साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा उजेडात आणलं. म्हणजे बाईची ही नाराजी टीव्हीवरच्या मालिका पाहून आलेली नाही. ती जुनी आहे आणि विचारातून आलेली आहे.

पुरुषही राबतो, असं म्हटलं जाईल. राबतोच. पण वऱ्हाडात निंदण आणि कापूस वेचणी बहुतेक बायाच करतात, आणि वावरातून आल्यावर चूलही त्याच पेटवतात. २०१९ च्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणात बिनपगारी घरकाम करणाऱ्या स्त्रियांची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं त्यात गेल्याचं दिसलं, पुरुषांची ९७. प्रेमानं केलेल्या कामाचा हिशेब कशाला, हा आक्षेप मला अधिक गंभीर वाटतो. पण जे नाकारायची मुभाच नाही, त्याला प्रेम म्हणणं सोयीचं आहे, खरं नाही. २०२१ साली सर्वोच्च न्यायालयानंही अपघाती मृत्यूची भरपाई ठरवताना गृहिणीच्या श्रमाचं मोल धरलं. ते मोल तिच्या मृत्यूनंतरच मोजायचं का? आज एका वेळचा स्वयंपाक घरातल्या पुरुषांनी करावा, आणि त्यातून मिळालेला मोकळा वेळ तिनं कशात घालवला, हे विचारू नये.