एका कढईचे जेवण आणि शेजाऱ्याची सद्सद्विवेकबुद्धी

ख्रिस्ती माणसाने काय खावे व काय खाऊ नये, हा प्रश्न मंडळीइतकाच जुना आहे. यरुशलेम येथे प्रेषित व वडील विचारविनिमयासाठी जमले, तेव्हा परराष्ट्रीय विश्वासणाऱ्यांना त्यांनी ज्या चार गोष्टी वर्ज्य करण्यास लिहून कळविले, त्यांपैकी तीन जेवणाच्या पानावरच्याच होत्या (प्रेषितांची कृत्ये, अध्याय १५). म्हणून या प्रश्नाला क्षुल्लक समजून बाजूला सारणे बरे नव्हे.

आम्ही आज हा प्रश्न सभागृहातून काढून एका लहानशा स्वयंपाकघरात नेतो. गोव्याच्या उत्तर टोकाला, तेरेखोल व शापोरा या दोन नद्यांच्या मधे पेडणे तालुका आहे. त्यातील पार्से हे गाव. बोली कोकणी, वाचन पुष्कळसे मराठी, आणि वस्ती मुख्यतः हिंदू. गोव्यातील ख्रिस्ती समाज बहुतांशी रोमन कॅथॉलिक. आपल्या मंडळीतील कुटुंब तेथे असलेच तर बहुधा नोकरीनिमित्त आलेले, भाड्याच्या दोन खोल्यांत राहणारे. २०२३ च्या जानेवारीत मोपा येथील विमानतळावरून वाहतूक सुरू झाली, तेव्हापासून पाळीने काम करणारी माणसे या भागाला नवी राहिलेली नाहीत. अशा एका घरातील आई संध्याकाळी सात वाजता दमून घरी येते असे समजा. मुले भुकेली आहेत, महिनाअखेर आहे, गॅसची एकच शेगडी मोकळी आहे. ती काय करते?

ती एक कढई चढवते. दोन कांदे बारीक चिरून तेलात परतते, आले-लसणीचे वाटण, हळद व तिखट घालते, आणि त्यात पाव किलो बीफचा खिमा टाकते. त्याची लाली जाऊन पाणी आटेपर्यंत तो परतते. मग एक टोमॅटो, थोडा चिरलेला कोबी आणि पेलाभर पाणी घालून दहा मिनिटे झाकण ठेवते. शेवटी आणखी दोन-अडीच पेले पाणी उकळून त्यातच दोनशे ग्रॅम नूडल्स सोडते. पाच मिनिटांत त्या शिजतात. अर्ध्या तासात चार माणसांचे जेवण तयार होते व घासायला एकच भांडे पडते. यात युक्ती अशी की, मांसाचे मोठे तुकडे मऊ व्हायला वेळ व गॅस लागतो, पण खिम्याचे धागे आधीच तुटलेले असल्यामुळे तो लवकर शिजतो. नूडल्स वेगळ्या उकळून पाणी फेकून दिले तर त्यांतील पीठही वाया जाते. मांसाच्याच रसात त्या शिजवल्या तर तेच पीठ रस दाट करते, आणि थोडे मांस सगळ्या कढईला चव देते. पाव किलो मटण आणावयाचे तर महिनाअखेरीस त्या माउलीचा हात आखडतो. बीफ त्यापेक्षा स्वस्त पडते.

येथवर कोणाचीच तक्रार असणार नाही. पण खिडकी उघडी आहे, आणि शेजारच्या घरी तुळशीपुढे दिवा लागला आहे. शेजारणीचा मुलगा या घरातील मुलांबरोबर रोज खेळतो. जेवणाच्या वेळी तो दारात उभा असतो. कढई एकच, आणि जे आहे ते सगळे तिच्यातच एकत्र झालेले. आता प्रश्न उभा राहतो: हे जेवण या ठिकाणी शिजवणे योग्य आहे काय?

प्रथम कायद्याचे पाहू, कारण अधिकाऱ्यांच्या अधीन असावे ही आपल्याला शिकवण आहे. गोव्यात १९७८ च्या कायद्याने गायीची कत्तल बंद आहे. बैल व म्हशी यांच्या कत्तलीला १९९५ च्या कायद्याप्रमाणे प्रमाणपत्राच्या अटीवर परवानगी मिळते. तेरेखोल ओलांडून सिंधुदुर्गात गेले की मात्र २०१५ च्या मार्चपासून बैलाच्या कत्तलीलाही मनाई आहे, म्हशीला नाही. परराज्यात कत्तल झालेल्या जनावराचे मांस नुसते जवळ बाळगणे हाही गुन्हा ठरवणारे कलम मुंबई उच्च न्यायालयाने २०१६ च्या मे महिन्यात रद्द केले. एवढ्यावरून दिसते की एकच कढई नदीच्या या तीरावर एका न्यायाने मोजली जाते व त्या तीरावर दुसऱ्या. कायदा पाळलाच पाहिजे. परंतु नदीबरोबर बदलणारी गोष्ट अंतःकरणाचा शेवटचा न्याय करू शकत नाही. तो दुसरीकडेच शोधावा लागेल.

पौलाने करिंथच्या मंडळीला लिहिलेल्या पहिल्या पत्राचा आठवा अध्याय आपण या वेळी उघडतो, आणि ते योग्यच आहे. अन्नाने आपण देवाच्या अधिक जवळ जात नाही किंवा दूरही होत नाही, हे सांगून तो पुढे म्हणतो की, आपल्या खाण्याने भाऊ अडखळत असेल तर आपण मांस कायमचे सोडू. उपदेशक हे वचन घेतात, व्यासपीठावरून सांगतात, आणि निष्कर्ष काढतात: तेव्हा त्या बाईने बीफ शिजवू नये. येथेच थांबून दोन गोष्टी पाहाव्यात असे आम्हांस वाटते.

पहिली गोष्ट अशी. करिंथ शहरात मांस हे मुख्यतः सुखवस्तू लोकांचे अन्न होते. गरिबाच्या ताटात ते सणावारी पडे. ज्यांना ज्ञान होते, मूर्ती काहीच नाही असे जे छातीठोकपणे म्हणत, तेच बहुधा मेजवान्यांना जाऊ शकणारे होते. म्हणून पौल बलवानाला सांगतो, दुर्बलासाठी थोडे सोड. आपल्या देशात हे चित्र उलटे आहे. येथे बीफ हे गरिबाचे मांस आहे. शिवाय आपल्या मराठी मंडळ्यांतील पुष्कळ कुटुंबांच्या आठवणीत त्याला आणखी एक धार आहे. ज्यांच्या पूर्वजांवर गावाने मेलेली जनावरे ओढण्याचे काम लादले, त्याच मांसावर जगावयास लावले आणि त्याच कारणाने त्यांना विटाळ मानले, अशांची ही मुले-नातवंडे आहेत. १९२७ च्या मार्चमध्ये महाडच्या परिषदेत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मृत जनावराचे मांस खाणे सोडून द्या असे सांगितले, ते स्वाभिमानासाठी. त्या स्वाभिमानाने आज कोणी बीफला शिवत नसेल तर त्याला दुर्बल विश्वासाचा म्हणू नये. आणि कोणी ते खात असेल तर त्याला खालचा समजणे हे तर त्याच जुन्या विटाळाला मंडळीच्या दारातून आत घेणे होय.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. पौल त्या वचनात ‘मी’ म्हणतो, ‘तू’ म्हणत नाही. तो स्वतःचे मांस सोडतो. दुसऱ्याच्या कढईवरचे झाकण उचलत नाही. त्याग हा देणाऱ्याचा असतो. आम्ही मटण खाऊन पार्सेच्या त्या माउलीला बीफ सोडण्यास सांगितले, तर त्यात आमचे काय गेले? ज्याच्याजवळ दुसरे पक्वान्न आहे त्याने आधी सोडावे. ज्या घरात मुलांच्या वाढीस लागणारे सकस अन्न याच स्वस्त खिम्यातून येते, तेथे त्यागाची आज्ञा बाहेरून आली की ती प्रीती राहत नाही. तिचे ओझे होते.

गोव्याने असे ओझे पूर्वी पाहिले आहे. १७३६ साली तेथील इन्क्विझिशनने जो हुकूमनामा काढला, त्यात हिंदूंच्या रीतीप्रमाणे मीठ न घालता भात शिजवण्यासही नवख्रिस्ती लोकांना मनाई होती. भातातील मिठावरून विश्वास तपासणारे ते अधिकारी स्वतःला ख्रिस्ताचे सेवक म्हणवीत होते. पेडणे पोर्तुगिजांकडे आले ते पुढे, १७८८ साली. सत्तेने माणसाच्या भांड्यात डोकावावे, मग ती सत्ता आपल्या धर्माची असो वा दुसऱ्याच्या, हे चांगले फळ देत नाही, हे आपणच इतरांआधी कबूल केले पाहिजे.

तर मग शेजारीण कोठे गेली? तिला विसरून चालणार नाही. कोणी म्हणेल, पौलाचा ‘भाऊ’ म्हणजे विश्वासणारा भाऊ. शेजारीण त्यात येत नाही. पण त्याच पत्राच्या दहाव्या अध्यायाच्या शेवटी यहूदी, हेल्लेणी व मंडळी या सर्वांना अडखळण न होण्याविषयी तो लिहितो. तेव्हा तिच्या भावनेची काळजी आपल्याला आहेच. फक्त ती काळजी कशी घ्यावी, हे त्या घराने ठरवावयाचे आहे.

येथे आपल्याच मराठी मंडळीच्या इतिहासातील दोन स्त्रिया मदतीला येतात. पंडिता रमाबाईंचा बाप्तिस्मा १८८३ साली इंग्लंडात वाँटेज येथे झाला, पण त्यांनी आपला शाकाहार सोडला नाही. १८८९ साली मुंबईत त्यांनी शारदा सदन काढले तेव्हा त्या स्वतः ख्रिस्ती असूनही तेथील हिंदू मुलींना आपल्या रीतीप्रमाणे स्वयंपाक व सोवळे पाळण्याची मोकळीक दिली. दुसऱ्या लक्ष्मीबाई टिळक. १८९५ साली रेव्हरंड नारायण वामन टिळकांचा बाप्तिस्मा झाला. पुढे लक्ष्मीबाई त्यांच्याजवळ राहावयास आल्या, तेव्हा त्यांनी आपले सोवळे व स्वयंपाक वेगळा ठेवला होता. मग विचार करून त्यांनी स्वतःच तो भेद टाकून दिला. ‘स्मृतिचित्रे’त ही हकीकत आहे. एकीने वेगळे भांडे राहू दिले, दुसरीने वेगळे भांडे मोडले. आणि दोघींनीही योग्य केले. रमाबाईंचे भांडे दुसऱ्याच्या मनासाठी वेगळे होते. लक्ष्मीबाईंचे स्वतःच्या शुद्धतेसाठी वेगळे होते. भांडे वेगळे आहे की एक, यावरून काही कळत नाही. ते कोणासाठी वेगळे आहे, यावरून सर्व कळते.

आता पार्सेच्या त्या घरी परत जाऊ. ती माउली काय करू शकेल? एक लहान पातेले ती असे ठेवील की ज्यात मांस कधी शिजत नाही. शेजारचा मुलगा दारात उभा राहिला तर त्यात मूठभर नूडल्स कोबी-गाजर घालून पाच मिनिटांत होतील. तोही त्याच्या आईला विचारून. कढईत काय आहे हे ती लपवणार नाही. ‘हे आमचे मांसाचे आहे, बाळा, तुझे वेगळे केले आहे,’ एवढे ती सरळ सांगेल. न सांगता वाढणे हे चोरीहून वाईट, कारण त्यात विश्वासाचीच चोरी होते. शेजारच्या घरी सण किंवा उपास असेल त्या दिवशी ती कदाचित अंड्यावर भागवील. ते तिने स्वखुशीने करावे. कोणी धाक घातला म्हणून नव्हे. आणि महिनाअखेरीस तिने निमूटपणे आपली कढई चढवली, तर आम्ही तिला दोष देणार नाही.

शब्बाथ शाळेच्या शिक्षकांना मुले विचारतात, बीफ खाणे पाप आहे काय? त्यांना सांगावे: तोंडात जाणारे अन्न माणसाला भ्रष्ट करीत नाही, असे प्रभूने शिकवले. मग पुढे विचारावे: तुझ्या डब्यात काय आहे यावरून तुला कोणी हिणवले काय? दुसऱ्याच्या डब्यावरून तू कोणाला हिणवलेस काय? खरे पाप बहुधा तेथे सापडेल. नीतिसूत्रांच्या पंधराव्या अध्यायात पोसलेल्या बैलाचे मांस एका पारड्यात व साधी भाजी दुसऱ्या पारड्यात घातली आहे. तो ज्ञानी पुरुष मांसाला वाईट म्हणत नाही व भाजीला पवित्रही ठरवत नाही. पानाभोवती द्वेष बसला आहे की प्रीती, एवढेच तो पाहतो.

आज रात्री आपापल्या घरी उपकारस्तुती करताना आपण एवढे मागू या: प्रभू, आमच्या कढईत जे आहे त्यास आशीर्वाद दे, आणि जे सोडावयाचे ते आम्ही सोडावे, दुसऱ्यास सोडावयास लावू नये, एवढी प्रीती आम्हांस दे.