अध्याय ६, श्लोक ३७ ते ४० : दगडाचं काय?



चार दिवस चिंतन पोस्ट झालं नाही, क्षमस्व. आम्ही म्युनिकहून सुट्टीसाठी ग्रीसला, नॅक्सोस नावाच्या बेटावर गेलो होतो. छोटी गीता बॅगेत होती आणि सकाळचं वाचन चुकलं नाही, पण लिहायला बसणं काही जमलं नाही. योगायोग बघा, वाचनात नेमका अर्जुनाचा तो प्रश्न आला. एखादा माणूस श्रद्धेने मार्गाला लागला, पण प्रयत्न कमी पडले, मन मधेच ढळलं, आणि काही हाती लागायच्या आत सगळं संपलं. मग त्याचं काय होतं? ना इथला, ना तिथला. फाटलेल्या ढगासारखा विरूनच जातो का?

त्याच दिवशी आम्ही बेटाची एक दिवसाची बस टूर घेतली होती. बसमध्ये तीसेक माणसं आणि माइक घेतलेली पन्नाशीची गाइड. बाई बेटावरचीच. तिला प्रत्येक गावात कोणी ना कोणी ओळखत होतं, त्यामुळे बस थांबली की पहिली पाच मिनिटं तिची आणि मग आमची.

पहिला थांबा सांग्री गावाजवळचं डिमीटरचं देऊळ. डिमीटर ही धान्याची देवी. देऊळ इसवी सनापूर्वी ५३० च्या आसपासचं, म्हणजे अडीच हजार वर्षांपूर्वीचं. सगळं संगमरवरी, छपराची कौलंसुद्धा. ती इतकी पातळ होती की उन्हाचा उजेड दगडातून गाळून आत यायचा म्हणे. देवळाच्याही आधी तिथे उघड्यावर खड्डे करून देवीला नैवेद्य वाहत असत, ते खड्डेही दाखवले. आजूबाजूला शेतं आणि ऑलिव्हची झाडं. सहाव्या शतकात या देवळाचं चर्च झालं, पुढे तेही पडलं आणि दगड विखुरले. १९९० च्या दशकात ग्रीक आणि जर्मन तज्ज्ञांनी विखुरलेले तुकडे जुळवून देऊळ जमेल तेवढं उभं केलं. जिथे तुकडा मिळाला नाही तिथे नवा संगमरवर बसवलाय आणि तो जुन्यापासून वेगळा ओळखू येतो. मला हे फार आवडलं. आमच्याकडे जुना कोड दुरुस्त करताना कोणी एवढा प्रामाणिकपणा दाखवत नाही.

मग हाल्की. या गावात १८९६ पासूनची एक भट्टी आहे, किट्रोन नावाचं मद्य बनवणारी. मद्याशी आपलं काही देणंघेणं नाही, म्हणून मी बाहेरच थांबणार होतो. पण गाइडने एक पान चुरडून हातात दिलं. वास घेतला आणि दोन सेकंद मी कोल्हापुरात होतो. म्हाळुंग! आपल्या अंबाबाईच्या उजव्या हातात असतं ते फळ. इथे त्याच झाडाच्या पानांपासून हे पेय काढतात. बायकोने गाइडला सांगितलं की आमच्याकडची देवी हे फळ हातात घेऊन उभी असते. बाईंनी ते लगेच माइकवरून सगळ्या बसला सांगितलं.

अपिरांथोस गावाच्या गल्ल्या संगमरवराने फरसबंद आहेत. हे गाव एमरीच्या खाणकामगारांचं. एमरी म्हणजे आपल्या एमरी पेपरवरचं खरखरीत खनिज. इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षी वर्कशॉपमध्ये फिटिंगचा जॉब ज्या पेपरने घासून घासून बोटं सोलवटून घेतली, त्या पेपरचं मूळ कुठेतरी डोंगरात असेल असा विचार कधी मनात आला नव्हता. इथलं एमरी प्राचीन काळापासून संगमरवर घासायला वापरतात. डोंगरातून बंदरापर्यंत ते नेण्यासाठी १९२० च्या दशकात बांधलेल्या रोपवेचे खांब अजून दिसतात. आता तो बंद आहे.

पण मला लिहायचंय ते अपोलोनासबद्दल.

बेटाच्या उत्तर टोकाला, समुद्राच्या वर एका जुन्या खाणीत एक पुतळा उताणा पडलाय. लांबी साडेदहा मीटरच्या आसपास. पूर्वी त्याला अपोलो समजत, पण दाढी दिसते म्हणून आता डायोनिसस म्हणतात. डोकं, हाताची ठेवण, पायांचा आकार, सगळं ओबडधोबड काढलेलं. छिन्नीच्या खुणा जशाच्या तशा. तेव्हाची पद्धत अशी की पुतळा खाणीतच ढोबळ आकाराला आणायचा, म्हणजे वाहून न्यायचं वजन कमी होतं, आणि बारीक काम पोचल्यावर करायचं. हा पोचलाच नाही. दगडाला तडे गेले असावेत असा अंदाज आहे. काम थांबलं आणि जिथे होता तिथेच तो राहिला. पाठ अजून डोंगराकडे.

गाइड म्हणाली, "आमची पूर्ण झालेली कामं सगळी बाहेर गेली." खरंच आहे. डेलोस बेटावरचे प्रसिद्ध सिंह नॅक्सोसच्या लोकांनीच वाहिलेले, डेल्फीचा स्फिंक्सही त्यांचाच. जे जमलं ते दुसऱ्या देवांच्या दारात गेलं. जे जमलं नाही ते घरी राहिलं.

लोक पुतळ्याच्या पायाशी उभे राहून फोटो काढत होते. एक जण म्हणाला, अपूर्ण आहे म्हणूनच इतका सुंदर वाटतो. सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही. पण नंतर मला स्वतःचाच राग आला. कारण हे वाक्य तिकीट काढून आलेला माणूस म्हणू शकतो. ज्याने उन्हात महिनोन्महिने तो दगड सोलला आणि एका सकाळी तड पाहिली, त्याला ते सांगून बघा.

आता हे सगळं मला इतकं का लागलं, ते सांगायला हवं.

कुडाळजवळ आमच्या गावी बाबांनी २००३ साली घर बांधायला काढलं. बाबा एसटीच्या डेपोत नोकरीला. जोतं झालं. जांभ्या चिऱ्याच्या भिंती लिंटलपर्यंत आल्या. फणसाच्या लाकडाची चौकट बसवली, तिची पूजा झाली, आईने चौकटीला हळदकुंकू लावलं, मी पेढे वाटले. २००६ मध्ये काम थांबलं ते थांबलंच. बाबा गेले त्याला तीन वर्षं झाली. भिंतींवर शेवाळ आहे, आतल्या खोलीत आंब्याचं झाड उगवलंय. जागेला आता गिऱ्हाईक आलंय. त्याला फक्त जमीन हवी आहे, भिंती तो पाडणार. दादा पुण्याहून रोज मेसेज करतो की रविवारपर्यंत हो किंवा नाही काय ते सांग.

खरं सांगतो, त्या घराचा मला लहानपणापासून राग आहे. एस्टिमेट नाही, प्लॅन नाही, पैशाची सोय नाही, नुसती श्रद्धा. देव बघून घेईल. ऑफिसात एखादी सिस्टिम पडली की आम्ही रूट कॉज ॲनालिसिस करतो, म्हणजे मूळ कारण शोधायचं. बाबांच्या घराचं माझं विश्लेषण केव्हाच पूर्ण झालं होतं. कारण एकच, कर्ता.

पुतळ्यापाशी बसलो असताना अठराव्या अध्यायातला चौदावा श्लोक आठवला. कोणतंही कर्म पाच गोष्टींनी घडतं असं भगवंत सांगतात: अधिष्ठान, कर्ता, साधनं, वेगवेगळ्या हालचाली आणि पाचवं दैव. पुढे म्हणतात, असं असताना जो एकट्या स्वतःलाच कर्ता समजतो त्याला नीट दिसत नाही. आपण हा श्लोक नेहमी अहंकारावर वाचतो, यशाचं श्रेय एकट्याने घेऊ नये वगैरे. मीही या ब्लॉगवर तसंच लिहिलंय. पण तोच हिशोब अपयशालाही लागतो ना? सगळं श्रेय एकाला देणं चूक असेल, तर सगळा दोष एकाला देणंही तितकंच चूक. पाथरवट कितीही हुशार असो, दगडाच्या पोटातली तड त्याला वरून दिसत नाही. अधिष्ठान त्याच्या हातात नसतं.

मग मी बाबांच्या घराचं विश्लेषण पुन्हा करायला घेतलं. काम थांबलं २००६ ला. २००६ ला मी इंजिनिअरिंगला गेलो, पेमेंट सीटवर. ही दोन्ही सालं मला पाठ होती. एकाखाली एक कधी लिहिली नव्हती.

आता मूळ प्रश्नाकडे. भगवंतांनी अर्जुनाला उत्तर काय दिलं? की अशा माणसाचा इथेही नाश नाही, परलोकातही नाही, चांगलं करणाऱ्या कोणाचीच दुर्गती होत नाही. मी हे बहुधा शंभर वेळा वाचलंय. त्या दिवशी पहिल्यांदा लक्षात आलं की उत्तर फक्त माणसाबद्दल आहे. काम पूर्ण होईल असं कुठेही म्हटलेलं नाही. दगडाबद्दल अवाक्षर नाही. आणि खरं म्हणजे अर्जुनानेही माणसाचंच विचारलं होतं. घर आणि बाबा ही एकच गोष्ट आहे असं धरून मी बसलो होतो. घर पडकं, म्हणजे बाबा अयशस्वी.

अजून एक. अर्जुन ज्याच्याबद्दल विचारतोय तो काही नशिबाने गांजलेला कष्टाळू साधक नाही. श्रद्धा आहे पण प्रयत्न पुरेसे नाहीत, असा माणूस आहे. म्हणजे मी बाबांवर जो आरोप करत आलो, तो धरूनच प्रश्न विचारलाय आणि तरीही उत्तर बदललेलं नाही. यावर माझ्यातला इंजिनिअर लगेच म्हणतो, मग तर काम अर्धं सोडायला सगळ्यांना मोकळं रानच मिळालं! ही शंका मला खोटी वाटत नाही. एवढंच म्हणतो की हे आश्वासन माझ्या स्वतःच्या आळसाला लावताना मी दहादा विचार करीन. दुसऱ्याला लावताना इतका विचार का करावा लागतो, हे मात्र मला कळत नाही.

आणि मुलाने काय करायचं? बापाने आरंभलेलं पूर्ण करणं हे कर्तव्य आहे का? टूरमध्ये याचं उत्तर मिळेल म्हणून मी उगाच शोधत होतो. डिमीटरचं देऊळ अडीच हजार वर्षांनी आलेल्या परक्या लोकांनी जुळवलं, पुतळ्याला मात्र कोणीही पूर्ण केलं नाही. दोन्ही बरोबरच वाटतात. पुतळ्याला आज कोणी छिन्नी लावली तर मीच आधी ओरडेन.

शेवटचा थांबा पोर्तारा. बंदराजवळच्या टेकाडावर एक प्रचंड संगमरवरी चौकट समुद्राकडे पाहत उभी आहे. चौकटच फक्त. लिग्डामिस नावाच्या राज्यकर्त्याने इसवी सनापूर्वी ५३० च्या सुमारास मोठं देऊळ काढलं. त्याची सत्ता गेली, काम थांबलं. पुढे व्हेनिसच्या लोकांनी इथले दगड काढून गावात आपला किल्ला बांधला. चौकटीचे दगड एवढे जड की ते राहिले. संध्याकाळी सगळं बेट तिथे सूर्यास्त बघायला जमतं. माझं लक्ष काही सूर्याकडे नव्हतं. भिंत नसलेल्या घराची चौकट मी आधी पाहिली होती, तीही हळदकुंकू लावलेली.

तिथूनच गावी काकांना फोन लावला. भारतात रात्रीचे साडेदहा वाजून गेले होते, ते घाबरले. मी विचारलं, काका, घराचे चिरे कुठल्या खाणीतले होते?

"तुका आज ह्यां खंयसून आठावला?" म्हणाले. मग सांगत बसले. खाण कुठली, ट्रक कुठे रुतला, ओला चिरा कसा सहज तासला जातो आणि वारा लागला की कसा कडक होतो. बोलता बोलता चौकटीचा विषय निघाला. मी म्हटलं, वाळवीने खाल्ली असेल एव्हाना. तर म्हणाले, "खाता कशी? तुझो बापूस दर वर्षा मे म्हयन्यात काजूबियांचा तेल लायत होतो. गेल्या मे म्हयन्यात मियां लायलंय."

काम थांबल्यानंतर बाबा सोळा वर्षं होते. सोळा वेळा तेल. आम्हाला वाटायचं मे महिन्यात ते आंबे उतरवायला गावी जातात.

दादाला अजून उत्तर दिलेलं नाही. विकू नये असंही माझं ठरलेलं नाही, वहिनीच्या ऑपरेशनचा खर्च आहे आणि दादाचं म्हणणं चूक नाही. फक्त तेलाचं त्याला सांगितलंय. त्याने मेसेज वाचलाय, निळ्या टिका दिसतायत, अजून काही लिहिलेलं नाही.

उद्या श्लोक ४१ पासून पुढे. रामकृष्ण हरी.