नानांना हवी होती गरम काच

मालेगाव स्टँडजवळ नानांच्या तीन गाड्या उभ्या असतात. रामकुंडावर स्नान, मग काळाराम, सीतागुंफा, तपोवन एवढे उरकलेला यात्रेकरू त्र्यंबक, शिर्डी, वणीची चौकशी करू लागला की नाना त्याला गाडीत बसवून देतात. पंचवटीत हा धंदा करणारे पुष्कळ, पण नानांइतका हिशेबी माणूस विरळा. चढावर एसी लावायचा नाही, हा त्यांचा ड्रायव्हरांना कायमचा हुकूम. सातांच्या गाडीत नऊ बसलेले त्यांना चालतात, एसीपायी जळालेले लिटरभर डिझेल मात्र चार दिवस आठवत राहते.

श्रावणातल्या एका शनिवारी जळगावकडचे एक कुटुंब त्यांच्या गाडीतून सप्तशृंग गडाला निघाले. दिंडोरी आणि वणी मागे पडेपर्यंत नुसती भुरभुर होती. नांदुरीहून घाट लागला आणि पाऊस झोडपू लागला. खिडक्या बंद, एसी हुकमाप्रमाणे बंद, आत नऊ माणसांचे श्वास आणि रामकुंडावरून तसेच पिशव्यांत कोंबून आणलेले ओले कपडे. दुसऱ्याच वळणावर समोरची काच आतून पांढरीफटक झाली. ड्रायव्हरने पंच्याने पुसली, ती क्षणात पुन्हा पांढरी. बाहेरून तंबाखू चोळून झाली, आतून बटाट्याची फोड फिरवून झाली. हे दोन्ही उपाय ड्रायव्हर मंडळींत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेले आहेत आणि दर पिढीला तितपतच उपयोगी पडतात. शेवटी खिडकीबाहेर डोके काढून, तोंडावर पावसाचे सपकारे घेत त्याने गाडी वर नेली. गाडीतल्या आजींनी देवीनेच वर आणले म्हणत दुप्पट भक्तीने ओटी भरली. त्यांच्या मुलाने परत आल्यावर पैसे देताना नानांना जे ऐकवले, ते छापण्यासारखे नाही.

नाना हिशेबी असले तरी निर्दय नव्हेत. त्या रात्री त्यांना झोप लागली नाही. सकाळी उठून त्यांनी स्वीडनमधल्या पुतण्याला फोन लावला. परदेशात राहणाऱ्या माणसाला सगळेच ठाऊक असते, असा आपल्याकडे समज आहे. पुतण्या म्हणाला, "काका, आमच्याकडे रात्रभर गाडी बर्फात उभी असते. सकाळी एक बटण दाबायचं, दोन-तीन मिनिटांत समोरच्या काचेवरचा बर्फ सुटून खाली येतो. काचेतच तारा असतात, काच गरम होते."

काचेतच तारा! नानांना हे फारच पटले. रोग काचेवर, औषध काचेत. मुंबईच्या एका दलालाने फोनवर लाखाच्या घरातली रक्कम सांगितली, तरी नानांनी हूं का चूं केले नाही. घाबरलेल्या माणसाची पिशवी सैल होते, आणि ती बहुधा चुकीच्याच दुकानापुढे होते.

पेठ रोडला आरटीओच्या आसपास गाड्यांची बारीकसारीक कामे करणाऱ्यांचे गाळे आहेत. तिथे अप्पा काचा बसवतात. नाना गाडी घेऊन तिथे पोहोचले आणि त्यांनी उभ्या उभ्याच गरम काचेची मागणी केली.

अप्पा म्हणाले, "बसा आधी. ती काच मी पाहिलेली आहे, मुंबईच्या एका परदेशी गाडीला होती. नाना, समोरची काच कधी एक नसते, दोन असतात. मध्ये प्लास्टिकचा पापुद्रा, त्याला पीव्हीबी म्हणतात. म्हणून तर दगड लागला की ती तडकते, पण अंगावर सांडत नाही. त्या पापुद्र्यात केसाहून बारीक तारा घालायच्या आणि त्यांत करंट सोडायचा. फोर्डवाल्यांनी युरोपात चाळीस वर्षांपूर्वी आणलं हे. कुठे कुठे तारांच्या जागी धातूचा पातळ मुलामाही देतात. तो असला की फास्टॅगची लहर अडते, टॅगपुरती जागा कोरी सोडावी लागते."

"मग तीच घाला."

"कशात घालू? तुमच्या गाडीला त्याचं वायरिंग नाही, रिले नाही, अल्टरनेटर तेवढा तगडा नाही. आणि समोरची काच खिडकीच्या काचेसारखी मापाने कापून मिळत नाही, साच्यावर वाकवूनच येते. तुमच्या मॉडेलची कुणी काढलीच नसेल, तर तो मुंबईवाला तुम्हाला काय देणार?"

"पैसे मी देतोय ना, अप्पा!"

"पैसे तुमचे आहेत. काच माझ्या हातची आहे."

एवढे बोलून अप्पा ड्रायव्हरच्या सीटवर जाऊन बसले. डॅशबोर्डवर मोगऱ्याच्या अत्तराची मोठी बाटली होती. अप्पांनी नाक फेंदारले.

"हा मोगरा कशासाठी रे?"

ड्रायव्हरने नानांकडे पाहिले. मग म्हणाला, "वास येतो म्हणून. ओल्या गोणपाटाचा. पायही ओले होतात माझे. मी नानांना बोललो होतो."

"पावसाळ्यात पाय ओले व्हायचेच," नाना म्हणाले. हे उत्तर त्यांनी पहिल्यांदाच दिलेले नव्हते, हे ड्रायव्हरच्या चेहऱ्यावरून कळत होते.

अप्पांनी रबरी मॅट काढून बाहेर टाकली. खालचे कार्पेट वरून कोरडे होते. त्याची कड उचलून त्यांनी खालच्या फोममध्ये मूठ दाबली, तर बोटांच्या फटींतून काळपट पाणी वर आले. काही न बोलता त्यांनी हात पुसला आणि बाहेर येऊन काचेच्या खालच्या कोपऱ्यातला शिक्का वाचायला घेतला. आपण कधी त्या शिक्क्याकडे बघत नाही. त्यात काच बनवणाऱ्याचे नाव असते, भारतीय मानकाचा आयएस 2553 हा क्रमांक असतो, आणि एक आकडा व काही ठिपके असतात. आकड्यावरून साल समजते, ठिपक्यांवरून महिना.

"गाडी कितीची?"

"सतराची."

"काच बावीसची आहे. मधे कुणी बदलली?"

नानांना आठवत नव्हते असे नाही. ओझरजवळ पुढच्या ट्रकमधून खडी उडाली होती आणि काचेला या टोकापासून त्या टोकापर्यंत तडा गेला होता. विम्यातून काम झाले असते. काचेवर घसारा कापत नाहीत. पण दावा केला की नो क्लेम बोनस हातचा जातो, आणि नानांना तो बोनस मुलासारखा प्रिय. शिवाय दुपारी शिर्डीचे भाडे उभे होते. रस्त्यावरच्या एका फिटरने तासाभरात काच चिकटवून दिली, आणि गोंद ओला असतानाच गाडी सिन्नरच्या रस्त्याला लागली. नानांनी यातले निम्मे सांगितले. उरलेले अप्पांनी ओळखले.

मग पोराला पाइप धरायला लावला. ड्रायव्हर आत बॅटरी घेऊन बसला. अप्पा आधी खालच्या कडेवर पाणी सोडायला लावीत, थोडे थांबून वर सरकत. वरून एकदम पाणी मारले तर ते सगळीकडून ओघळते आणि भोक कुठले ते कळत नाही. खालची कड कोरडी राहिली, डावी बाजू कोरडी. पाइप उजव्या कोपऱ्याशी वर पोहोचला आणि आतून ड्रायव्हर ओरडला. पाण्याची दोऱ्यासारखी धार खांबाच्या आतून उतरून त्याच्या पायाशी कार्पेटखाली शिरत होती.

"हे बघा नाना," अप्पा म्हणाले, "पाऊस पडला की फोम पाणी पितो. गाडी तापली की तेच पाणी हवेत येतं, आणि बाहेरून पावसाने गार पडलेल्या काचेवर जाऊन बसतं. वर नऊ माणसं, ओले कपडे. घर गळतंय म्हणून शेगड्या वाढवायच्या, का कौलं शाकारायची?"

नाना गप्प राहिले. अप्पांनी गाडी सुरू केली, एसी लावला, आतली हवा आतच फिरवणारे बटण बंद करून बाहेरची हवा घेतली आणि झोत काचेकडे वळवला. त्यांनी फुंकर मारून धूसर केलेली काच बघता बघता साफ झाली. "एसी लावल्यावर गाडीखाली पाणी ठिबकतं ना, ते आतल्या हवेतलंच असतं. हे बटण तुमच्या गाडीत पहिल्या दिवसापासून आहे." ड्रायव्हर एकाएकी लांबवरच्या एका रिक्षाचे निरीक्षण करू लागला. चढावरच्या हुकमाबद्दल त्याने अवाक्षर काढले नाही, आणि अप्पांनीही विचारले नाही.

काच मात्र काढावी लागणारच होती. एक जण आत आणि एक बाहेर बसून गोंदातून तार ओढू लागले. उजव्या कोपऱ्याशी तार खरखरली. काच उचलल्यावर चौकटीवर बोटभर लांब तांबूस पट्टा दिसला. आधीच्या फिटरचे पाते घाईत रंगावर ओढले गेले होते. त्या ओरखड्याला प्रायमर नाही, वर तसाच गोंद. गंजाने रंग सोडला आणि रंगाबरोबर गोंदही सुटला.

नव्या काचेची निवड झाली ती नानांच्या अपेक्षेपेक्षा फार साधी. गाडीला मुळात येते तसलीच, तारा नसलेली. नानांनी निदान गडद रंगाची तरी घ्या म्हणून पाहिले. समोरच्या काचेतून किमान 70 टक्के उजेड आलाच पाहिजे असा नियम आहे, आणि आरटीओच्या दारात बसून अप्पा तो मोडणार नव्हते. आलेल्या दोन काचांपैकी एक त्यांनी तिरकी धरली आणि खालच्या कोपऱ्यातून समोरचा विजेचा खांब पाहिला. खांब मध्येच वाकलेला दिसला. ती परत. दुसरीतून खांब सरळ उभा होता.

"संध्याकाळी घेऊन जातो. वणीची पार्टी आहे," नाना म्हणाले.

"आज गंज घासणार, प्रायमर लावणार, तो वाळू देणार. मग गोंद. काच बसली तरी गाडी रात्री इथेच राहील. फोम सुकायला तर आणखी दोन दिवस."

"अप्पा, त्या वेळी तासाभरात झालं होतं."

"म्हणूनच आज पुन्हा आलात."

नानांनी किल्लीसाठी हात पुढे केला. अप्पांनी ती गल्ल्यात टाकली. म्हणाले, "हा गोंद हवेतल्या ओलाव्याने घट्ट होतो, आणि त्याला वेळ लागतो. टक्कर झाली तर शेजारच्या सीटची एअरबॅग या काचेला टेकून उघडते. गोंद कच्चा असला तर काच बाहेर, एअरबॅग बाहेर आणि माणूसही बाहेर. कुणाच्या आजीला बसवणार आहात तिथे?"

आजी म्हटल्यावर नानांचा हात खाली आला. त्यांनी स्टँडवरच्या आपल्या सर्वात जुन्या प्रतिस्पर्ध्याला फोन करून वणीचे भाडे त्याच्या हवाली केले. तो फोन करताना त्यांचा चेहरा दाढ काढून घेणाऱ्या माणसासारखा झाला होता.

काचेच्या कडेला गोंदाची उभट त्रिकोणी वात सलग फिरली, कुठेही न तुटता. व्हॅक्यूमच्या कपांनी काच उचलून बसवली, कागदी टेप लावल्या. दार आदळले की आत कोंडलेली हवा काचेला धक्का देते, म्हणून एक खिडकी बोटभर उघडी ठेवली आणि गाडी छपराखाली घेतली. कार्पेट काढून पंख्याखाली टांगले. जाताना अप्पांनी बजावले, "दोन-तीन दिवस प्रेशरने धुवायची नाही. आणि फास्टॅग नवा घ्या. जुना काचेवरून निघताना आतली तार तुटते, तो मग वाचला जात नाही."

पुढच्या आठवड्यात तीच गाडी पुन्हा गडावर गेली. पाऊस तसाच होता, माणसे सातच होती, एसी चालू होता. घाटात नानांचा फोन आला, "एसी लावलाय ना? मग बंद करू नकोस." ड्रायव्हरने फोन ठेवल्यावर मागच्या सीटवरच्या पाहुण्यांना सांगितले, की आमचे शेठ फार काळजी घेतात. मोगऱ्याची बाटली त्याने काढून घरी नेली होती.

फास्टॅगचे मात्र राहिले. म्हणजे, नानांनी राहू दिले नाही. नवा टॅग म्हणजे शंभरेक रुपये आणि बँकेचा व्याप, म्हणून त्यांनी काढलेल्या काचेवरचा जुना टॅग ब्लेडने अलगद सोडवला आणि सेलोटेपच्या चार पट्ट्यांनी नव्या काचेवर इतका सुबक लावला, की बघणाऱ्याला शंका येऊ नये. दिंडोरीच्या वाटेला टोल नसल्यामुळे तो किती सुबक आहे हे कुणाला तपासावे लागले नाही. नंतर मुंबई विमानतळाचे भाडे लागले. घोटीच्या नाक्यावर गाडी थांबली, दांडा वर गेला नाही. नाक्यावरच्या पोराने हातातले यंत्र काचेला लावून पाहिले, टेपवर अंगठा दाबून पाहिले. मागून हॉर्न सुरू झाले. ड्रायव्हरने नानांना फोन लावला.

"अरे, जरा पुढे-मागे करून बघ. लागेल."

"केलं, नाना. रोख दुप्पट मागतात."

पलीकडे बराच वेळ काही आवाज आला नाही. ड्रायव्हरने दुप्पट भरले, पावती घडी करून खिशात ठेवली आणि गाडी पुढे काढली. पडघ्याजवळ आणखी एक नाका होता, आणि यायचेही याच रस्त्याने होते.