नर्तनशाळेतील कीचक

शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांच्या शिवेवर, मांडवगण फराट्यास भीमेच्या काठी उभे राहिले म्हणजे 'भीम' या शब्दाचा मूळ अर्थ 'भय उपजविणारा' असा आहे, ही गोष्ट हटकून मनात येते. आणि जिच्या पाण्यावर पिढ्यान्‌पिढ्या जगलो त्या नदीस भयाचे नाव देताना आपल्या पूर्वजांना त्यात काही विसंगत वाटले नाही, याचा विस्मय वाटतो. शिवालयाच्या उंबरठ्यावर कोरलेले कीर्तिमुख याच वृत्तीचे अपत्य आहे: भुकेने स्वतःचाच देह खाऊन केवळ मुख उरलेल्या त्या गणाला शंकराने हाकलले नाही, दाराशी मानाची जागा दिली.

ही दृष्टी अर्वाचीन काळात कोणाच्या हातात उतरली असेल, तर ती कोल्हापूरच्या बाबूराव मेस्त्री ऊर्फ बाबूराव पेंटर यांच्या, असे माझे मत आहे. नाटकमंडळ्यांचे पडदे रंगविणारा, शिल्पे घडविणारा, चित्रीकरणाचा कॅमेरादेखील स्वतःच सिद्ध करणारा हा कलावंत १९२० साली 'सैरंध्री' चित्रपट घेऊन पुण्यास आला. कथा खाडिलकरांच्या 'कीचकवध' नाटकाची. आणि कीचकात प्रेक्षकांनी लॉर्ड कर्झन ओळखला म्हणून त्या नाटकावर सरकारने १९१० साली मनाईहुकूम बजावलेला. आता पडद्यावरील वध इतका हुबेहूब वठला, की सरकारी अंमलदारांनी ते दृश्यच कापावयास लावले.

रंगभूमीवर प्रत्यक्ष मरण दाखवू नये, हा भरतमुनींचा दंडक बाबूरावांनी मोडला, हे खरे. परंतु त्याच भरतांनी जुगुप्सेला स्थायीभाव मानून बीभत्साला आठ रसांत स्थान दिले आहे, हेही तितकेच खरे. शिवाय व्यासांनी विराटपर्वात हा वध कोठे घडविला, तर नर्तनशाळेत! हातपाय आणि मस्तक धडात कोंबून भीमाने कीचकाचा मांसगोळा केला, तो जेथे दिवसा राजकन्या नृत्य शिकत असे त्या जागी. मला तर वाटते, खरा बीभत्स त्या मांसगोळ्यात नाहीच. तो त्याआधीच्या भरलेल्या राजसभेत आहे, जेथे कीचकाने द्रौपदीस लाथ मारली, विराट राजा गप्प राहिला आणि द्यूतप्रेमी ब्राह्मणाच्या वेषातील युधिष्ठिराने तिला आत जाण्यास सांगितले. सभेचा तो शिष्टाचार पाहून ज्याला किळस येत नाही, त्याला कीचकाचे प्रेत पाहून किळस येण्याचा अधिकार काय? कलावंत विद्रूप घडवितो तो ही झाकलेली किळस दृश्य करण्यासाठी. जेथे तो केवळ शहारा उत्पन्न करण्यासाठी रक्त सांडतो तेथे माझी सहानुभूती संपते. बाबूरावांचा कीचक त्या दुसऱ्या जातीचा नव्हता. तसा असता तर अंमलदारांना कात्रीची गरज भासली नसती.

'कीचकवधा'वरील बंदी १९२६ साली उठली आणि नाटक पुन्हा रंगभूमीवर आले. 'सैरंध्री'ची मात्र एकही प्रत आज शिल्लक नाही.