शांत मन आणि शांत केलेले मन



‘मी देह नाही, मी मन नाही’ हे आपण रोज म्हणतो. पण खरोखरच कोणाचे मन हिरावून घेतले गेले, तर मागे कोण उरते?

१९३५ मध्ये लिस्बन येथे एगास मोनिझ या डॉक्टरांनी मानसिक विकारांवर उपाय म्हणून मेंदूच्या पुढच्या भागातील तंतू तोडण्याची शस्त्रक्रिया सुरू केली. १९४९ मध्ये त्यांना नोबेल पारितोषिकही मिळाले. अमेरिकेत वॉल्टर फ्रीमन यांनी ‘लोबोटॉमी’ या नावाने तिचा प्रसार केला. अनेक रुग्णांची तळमळ, राग, आरडाओरडा थांबला. पण त्याबरोबर उत्साह, आवडनिवड, स्वतःहून काही करण्याची इच्छाही गेली.

पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या जॉन केनेडी यांची बहीण रोझमेरी हिला शिकायला वेळ लागत असे, राग अनावर होत असे. वडिलांनी १९४१ मध्ये, ती २३ वर्षांची असताना, ही शस्त्रक्रिया करवून घेतली. त्यानंतर तिला नीट चालता-बोलता येईना. पुढचे आयुष्य संस्थेतच गेले.

‘आत्म्याला काय होणार?’ असे म्हणून येथे मोकळे होऊ नये. गीतेचा तेरावा अध्याय सांगतो की मन, बुद्धी, अहंकार हे क्षेत्र. त्याला जाणणारा तो क्षेत्रज्ञ. शेत उजाड झाले तरी जाणणारा नाहीसा होत नाही. पण त्याच अध्यायात ज्ञानाची लक्षणे सांगताना अहिंसा अगदी आरंभीच येते. ‘मी मन नाही’ हे वाक्य स्वतःला सांगण्यासाठी आहे. दुसऱ्याचे मन हे त्याच्या साधनेचे शेत आहे. त्यात नांगर घालण्याचा अधिकार आपल्याला नाही.

ध्यानातली शांती माणूस स्वेच्छेने मिळवतो. लादलेली शांतता फक्त आजूबाजूच्यांची सोय पाहते. आपल्या देशातही २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याप्रमाणे रुग्णाची समजून-उमजून दिलेली संमती आणि मंडळाची मान्यता असल्याशिवाय अशी शस्त्रक्रिया करता येत नाही.

घरात कोणी मनाने आजारी असेल तर उपचार जरूर करावेत. पण ‘हा गप्प कधी होईल?’ याऐवजी ‘याला काय सांगायचे आहे?’ असे विचारावे. रोझमेरीची बहीण युनिस हिने १९६८ मध्ये बौद्धिक अक्षमता असलेल्यांसाठी स्पेशल ऑलिंपिक्स सुरू केले. ज्याला स्वतःची ओळख सांगता येत नाही, त्याची ओळख जपणे ही जवळच्यांची सेवा आहे. त्याला नावाने हाक मारा, शेजारी बसा. क्षेत्रज्ञ ऐकतो आहे, हा विश्वास तेथेच खरा ठरतो.