पानसोट

आजचे चिंतन गीतेच्या १५ व्या अध्यायातील श्लोक २ आणि ३ वर.

वर मूळ आणि खाली फांद्या असलेला अश्वत्थ आपल्या सगळ्यांना माहीत आहे. दुसऱ्या श्लोकात भगवंत त्याच्या फांद्यांबद्दल सांगतात: त्या त्रिगुणांवर पोसल्या जातात आणि विषय हे त्यांचे कोवळे कोंब. कितीदा वाचलं होतं. कळलं मात्र मागच्या महिन्यात, पाचोऱ्याजवळ मामांच्या मोसंबीच्या बागेत.

मोसंबी सदाहरित. नाशिकच्या द्राक्षासारखी वर्षातून दोनदा छाटणी तिला लागत नाही. फळं उतरली की सल, म्हणजे वाळलेल्या काड्या, काढायच्या. ते पटतं. पण मामांनी सिकेटर लावलं ते झाडातल्या सगळ्यात तजेलदार फांदीला! सरळ वर गेलेली, मोठ्या पानांची, काटेरी.

"मामा, चांगली फांदी कापताय!"

"हाई हिरवं दिखस, पन फय देस नही."

हा पानसोट. फळणाऱ्या फांद्यांचं अन्न ओढतो. त्यातही कलमाच्या जोडाखालून फुटलेला कोंब तर मोसंबीचा नसतोच, खुंटाच्या रंगपूर लिंबाचा किंवा जंबेरीचा असतो. दुर्लक्ष केलं तर वरची मोसंबी मागे पडते.

विषय म्हटलं की आपल्याला व्यसन, पैसा असलं काहीतरी आठवतं. श्लोकात मात्र कोंब आहेत, ताजे. माझंच सांगतो. धुळ्याला एकट्या राहणाऱ्या आईला रोज सकाळी फोनवर एक श्लोक वाचून दाखवायचा, त्यातून ही चिंतनं सुरू झाली. आता सातला लेख टाकतो आणि साडेनऊच्या स्टँडअपपर्यंत किती जणांनी वाचला ते बघत बसतो. आईला 'नंतर करतो'. तीन आठवडे झाले. दिसायला भक्तीच, पण जोडाखालून फुटलेली.

तिसऱ्या श्लोकातलं शस्त्र असंगाचं, आणि तेही दृढ हवं. मामा फांदी बुडाशी कापतात, वर बोर्डो पेस्ट लावतात. थोडी शिल्लक ठेवली की तिथूनच पुन्हा फुटवे येतात. मी फक्त नोटिफिकेशन बंद केली होती! (इंजिनिअरची अक्कल.) आणि नीट कापलं तरी दुसरीकडून कोंब निघतातच, म्हणून मामा अधूनमधून प्रत्येक झाडाभोवती चक्कर मारतात.

वाचकसंख्या दाखवणारं पान परवा काढून टाकलं. आजचा लेख उशिरा आलाय, कारण सातला आईशी बोलत होतो. १५ वा अध्याय तिला पाठ आहे. दोन ठिकाणी तिने माझा उच्चार दुरुस्त केला.